कर्नलची दाढ आणि डॉक्टरांचा पूल

डॉक्टर आयरा पेटिंगिल राज्याच्या विधानसभेवर निवडून आले ते लोकांच्या प्रेमामुळे की लोकांच्या पोटामुळे, यावर बेथेल ग्रोव्ह गावच्या दुकानात शेगडीभोवती अजून भांडणं होतात. प्रेम नव्हतं असं कुणी म्हणणार नाही. वॅबॅश नदीच्या खोऱ्यात तेवीस वर्षं कोयनेल वाटलेला माणूस तो. पण प्रेम एका बाजूला आणि एरंडेल दुसऱ्या बाजूला, आणि मतपेटीत नेमकं काय पडलं हे देवालाच ठाऊक.

डॉक्टरांचं शास्त्र सोपं होतं. रोग माणसाच्या आत असतो, तो बाहेर काढायचा. बाहेर यायला वाटा तीन: वरची, खालची, आणि दोन्ही बंद असतील तर हाताची शीर. हे सगळं ते तिकडे पूर्वेला व्हर्मांट राज्यात एका म्हाताऱ्या डॉक्टरकडे शिकले. तिथे दोन वर्षं बाटल्या धुतल्या, घोड्याला दाणा घातला, तिसऱ्या वर्षी म्हातारा स्वतःच्याच औषधाने गेला आणि जाताना आपली पिशवी आणि एक जाडजूड ग्रंथ शिष्याला देऊन गेला. त्या ग्रंथाची शेवटची साठ पानं उंदरांनी खाल्ली होती. त्यामुळे त्या पानांवरचे रोग आमच्या भागात कधी कुणाला झालेच नाहीत.

ते इकडे आले तेव्हा खोऱ्यात हिवतापाचं राज्य होतं. एक दिवसाआड माणसं थडथडत. लग्नाची तारीख धरताना आधी नवऱ्यामुलाचा थंडीचा दिवस विचारून घेत, नाहीतर अंगठी नवरीच्या बोटाऐवजी पाद्रीबुवांच्या बाहीत जायची. डॉक्टरांनी कोयनेलने ही थडथड बरीच आटोक्यात आणली, आणि हे श्रेय त्यांचे शत्रूसुद्धा नाकारत नाहीत. नाही म्हणायला त्यांना शत्रू एकच होता, वकील होझिया ब्लॉजेट, आणि त्यालाही डॉक्टरांनीच दोनदा मरता मरता वाचवलं होतं. दोनातल्या एका वेळी तो मरायला टेकला होता तो डॉक्टरांच्याच औषधाने, पण तो हिशेब सोडून देऊ.

दुखणं होतं ते नदीचं. क्रुकेड क्रीक नदी गावाच्या पायथ्याशी वाहते. अलीकडे गाव, दुकान, चर्च आणि डॉक्टर; पलीकडे चाळीसेक शेतकऱ्यांची घरं. उन्हाळ्यात गुडघाभर पाण्यातून घोडी घालून जावं, हिवाळ्यात बर्फावरून चालावं. पण मार्च-एप्रिलात बर्फ वितळलं की हीच नदी झाडं उपटून घेऊन जाते. आणि पलीकडच्या बायका, कशा कोण जाणे, नेमक्या एप्रिलातच बाळंत व्हायच्या.

एका एप्रिलात जेरेड क्रेनची बायको ल्युविना अडली. डॉक्टर सकाळपासून संध्याकाळपर्यंत अलीकडच्या काठावर उभे होते. घोडी पाण्यात पाय टाकेना. पलीकडून जेरेड ओरडून विचारत होता, इकडून डॉक्टर ओरडून सांगत होते, आणि मधल्या पाण्याने दोघांचंही काही कुणाला ऐकू दिलं नाही. दुसऱ्या दिवशी ते पोचले तेव्हा बाळ होतं, बाई नव्हती. डॉक्टर घरी आले आणि जेवणाच्या टेबलाशी टोपी न काढता बसून राहिले. त्यांची बायको मेहिटेबल हिने मक्याची भाकरी पुढे ठेवली, ती तशीच गार झाली.

"पूल हवा," डॉक्टर म्हणाले.

मेहिटेबल बोलायला तिखट. नवऱ्याला चारचौघांसारखी ती 'डॉक्टर'च म्हणायची. ती म्हणाली, "तेवीस वर्षं मी हेच म्हणतेय, डॉक्टर. आता तुम्ही म्हणताय तर बहुधा खरं असेल."

त्यांनी काउंटीकडे, म्हणजे जिल्ह्याच्या कचेरीकडे, मागणी केली. काउंटी म्हणाली, एवढा मोठा पूल म्हणजे राज्याचं काम. राज्याला पत्र लिहिलं, तर उत्तर आलं की हे काउंटीचं काम. असं दीड वर्ष झाल्यावर मेहिटेबल म्हणाली, "तुम्हाला पोहता येत नाही. निदान मतं मागता येतात का ते तरी बघा."

मतं मागणं त्यांना अजिबात येत नव्हतं. पहिल्याच सभेत बोलायला उभे राहिले आणि पुढच्या बाकावरच्या माणसाचा पिवळा चेहरा बघून त्याला म्हणाले, "तू उद्या सकाळी ये." मग पुलाचा विषय विसरून यकृतावर अर्धा तास बोलले. मतदार एकेक करून मागच्या दाराने सटकले. ब्लॉजेट विरोधात उभा होता, आणि तो हुशार. त्याने शेवटच्या सभेत हुकमाचं पान काढावं तसा सवाल टाकला. म्हणाला, "बंधूंनो, डॉक्टर राजधानीला गेले तर अधिवेशन एकसष्ट दिवसांचं. भर हिवाळ्यात एकसष्ट दिवस तुम्हाला औषध कोण देणार?"

असा विचार आजवर कुणी केलाच नव्हता. एकसष्ट दिवस! माणसं एकमेकांकडे बघायला लागली. ज्यांच्या घरी डॉक्टरांच्या एरंडेलाची बाटली कपाटात उभी होती त्यांच्या डोळ्यांत पाणी आलं म्हणतात. बायकांना मत नव्हतं, पण त्या रात्री घराघरात नवऱ्यांना काय सांगितलं गेलं ते मतं मोजताना कळलं. ब्लॉजेटला एकोणीस मतं पडली. बाकी सगळी डॉक्टरांना.

"तुमच्या गैरहजेरीवर लोकांचा केवढा विश्वास आहे," मेहिटेबल म्हणाली आणि त्यांचे लोकरीचे मोजे पेटीत भरायला लागली.

राजधानीत पहिल्या दिवशी डॉक्टर सभागृहात उठून उभे राहिले. सभापतींनी रिवाजाप्रमाणे विचारलं, सन्माननीय सदस्य कोणत्या कारणासाठी उभे राहिले आहेत? "पाय आखडले," डॉक्टर म्हणाले आणि बसले. कामकाजाच्या नोंदीत ते तसंच लिहिलेलं आहे.

त्यांच्या पुलाचं विधेयकही गाजलं. विधेयक कसं लिहितात हे कुणी त्यांना शिकवलं नव्हतं, म्हणून जे येत होतं तसं लिहिलं: ओकचे खांब चौदा, फळ्या जरुरीप्रमाणे, लोखंडी पट्ट्या मूठभर; नदीवर आडवे लावावे; आराम न पडल्यास पुन्हा दाखवावे. चिटणिसाला अक्षर लागेना. त्याने कागद कोपऱ्यावरच्या औषधवाल्याकडे वाचायला पाठवला, तर औषधवाल्याने हिरव्या रंगाची एक बाटली भरून दिली. ती बाटली चिटणिसाने घेतली आणि त्याचा खोकला बरा झाला. तेव्हापासून तो डॉक्टरांचा भक्त.

भक्त हळूहळू वाढत गेले. सदस्य सगळे खानावळीत राहायचे, आणि खानावळवाली बाई तिन्हीत्रिकाळ खारवलेलं डुकराचं मांस आणि बीन्स वाढायची. तिसऱ्या आठवड्यापर्यंत सभागृहातल्या निम्म्या पोटांनी बंड केलं होतं. कुणी भाषणात विव्हळल्यासारखा आवाज काढला की डॉक्टर पिशवी घेऊन त्याच्या बाकाशी हजर. बऱ्याचदा तो बिचारा नुसता राज्याच्या दुरवस्थेवर बोलत असायचा. पण जीभ दाखवल्याशिवाय सुटका नसे. राजकारणात डॉक्टरांना काही कळत नव्हतं, मात्र कुणाचं पोट साफ आहे आणि कुणाचं नाही हे त्यांना सभापतींपेक्षा जास्त ठाऊक होतं. आणि पोट साफ झालेला माणूस पूल बांधायला सहसा नाही म्हणत नाही. साठाव्या दिवशी चिटणिसाने मोजून सांगितलं, की पुलाच्या बाजूने बहुमत आहे.

आडवा होता फक्त कर्नल फिलेटस ग्रिम्स. रस्ते आणि पूल यांच्या समितीचा हा अध्यक्ष. कसला कर्नल, कुठल्या लढाईतला, हे कुणी विचारलं नाही; आमच्याकडे ज्याला घोडा आणि आवाज दोन्ही असतं तो कर्नलच. याला आवाज एवढा होता की तो बोलायला लागला की खिडक्यांच्या काचा हलत. त्याला त्याच्या गावात राज्याचं कृषी प्रदर्शन भरवायचं होतं, त्यासाठी मोठा मांडव आणि बैलांना पक्कं छप्पर हवं होतं, आणि डॉक्टरांच्या पुलावर पैसा गेला तर बैलांना छप्पर मिळणार नाही अशी त्याची समजूत. पण देवाची करणी अशी, की अधिवेशन सुरू झालं आणि कर्नलची दाढ सुजली. गालावर लाल फ्लॅनेलचं फडकं बांधून तो साठ दिवस बसून राहिला. तोंड उघडेना. दात उपटून घ्यायला तो तयार नव्हता, कारण चिमटा नुसता दिसला तरी हा शूर गडी भोवळ येऊन पडायचा.

शेवटच्या, एकसष्टाव्या दिवशी सकाळी डॉक्टर खानावळीत नाश्त्याला बसले होते. समोर कर्नल येऊन उभा राहिला. गाल भोपळ्यासारखा, डोळे लाल. त्याने तोंडाकडे बोट दाखवलं आणि टेबलावर डोकं टेकलं.

चिटणीस शेजारीच होता. त्याने डॉक्टरांना बाहीला धरून बाजूला नेलं. आजच दुपारी बारा वाजता अधिवेशन कायद्याने संपतं, तो म्हणाला. पुलाचा नंबर बाराच्या आधी जेमतेम लागेल. कर्नल मुका राहिला तर पाच मिनिटांत मतं होतील आणि पूल मिळेल. त्याचं तोंड उघडं झालं तर तो बारा वाजेपर्यंत बोलत राहील आणि पूल गेला. "डॉक, फक्त एवढंच सांगा, की दाढ अजून पिकली नाही. उद्या काढू म्हणा. एका दिवसाने कुणी मरत नाही."

डॉक्टर कर्नलकडे बघत राहिले. त्यांना क्रुकेड क्रीकचा काठ दिसला, आणि पलीकडे हात हलवणारा जेरेड. फार वेळ गेला नसेल, पण त्यांच्या कॉफीवर साय धरली. एका दिवसाने कुणी मरत नाही, हे वाक्य त्यांना सगळ्यात जास्त झोंबलं, कारण ते खोटं आहे हे त्यांच्याइतकं तिथे कुणालाच माहीत नव्हतं.

"पिकली आहे," ते म्हणाले. "साठ दिवसांपूर्वीच पिकली आहे. कर्नल, डोळे मिटा, आणि मुठीत काहीतरी धरा."

कर्नलने चिटणिसाचा हात धरला. दाढ निघाली तेव्हा कर्नल ओरडला नाही, चिटणीस ओरडला.

"आता तीन दिवस बोलायचं नाही," डॉक्टरांनी बजावलं. "जखम उघडी आहे. एक शब्दही नाही."

कर्नलने तोंड उघडून बघितलं, मिटून बघितलं, जीभ फिरवली. साठ दिवसांनी पहिल्यांदा त्याचा चेहरा फुलला. "डॉक्टर," तो म्हणाला, "तुमचे उपकार मी जन्मभर विसरणार नाही." आणि तडक सभागृहाकडे निघाला.

तिथे आणखी एक रिवाज आहे तो सांगायला हवा. शेवटच्या दिवशी कामं उरली, की दारवान शिडीवर चढून घड्याळाचे काटे थांबवून ठेवतो. घड्याळात बारा वाजले नाहीत तर अधिवेशन संपलं नाही, असा सगळ्यांचा प्रामाणिक समज. त्या दिवशी दारवानाला घड्याळ थांबवायला सांगितलं होतं ते खुद्द कर्नलने, कारण त्याच्या बैलांचं विधेयक यादीत पुलाच्या लगेच मागे होतं आणि ते बाराच्या आत येणं शक्य नव्हतं. बाराला दहा कमी असताना काटे थांबले. कर्नलने मान डोलावली. मग पुलाचा पुकारा झाला, आणि तो उठला.

तो बोलायला लागला तसे सगळे चकित झाले. साठ दिवसांचं साठलेलं होतं आत. पूल ही चैन आहे, तो म्हणाला. आपले वाडवडील पाण्यातून गेले. त्याने वाडवडिलांची नावं घेतली, मग त्यांच्या घोड्यांची. तो अर्धा तास बोलला, तासभर बोलला. त्याची सवय अशी, की मधूनमधून घड्याळाकडे बघायचं आणि बारा वाजले की बसायचं. दर वेळी बघावं तर बाराला दहा कमी.

दुसऱ्या तासाला त्याच्या लक्षात आलं. बारा वाजेपर्यंत बोलायचं होतं, आणि बारा वाजणारच नव्हते. घड्याळ सुरू करा म्हणावं तर दहा मिनिटांत अधिवेशन खलास आणि बैल पावसात. न म्हणावं तर किती बोलणार? धरलं तर चावतं, सोडलं तर पळतं. तो दारवानाकडे बघे, दारवान बिचारा हुकमाचा ताबेदार, घड्याळाखाली शिडी धरून ताठ उभा.

सदस्य जेवून आले, तरी कर्नल बोलत होता. आता तो वाडवडिलांवरून बायबलातल्या महापुरावर, नोहाच्या नावेवर आला होता. नोहाने पूल मागितला नव्हता, असा त्याचा मुद्दा. सहाव्या तासाला आवाज बसला. आणि डॉक्टरांनी पाहिलं, की कर्नलच्या हनुवटीवरून रक्ताची बारीक धार उतरतेय.

डॉक्टर उठले. सभापतींनी विचारलं, सन्माननीय सदस्य कोणत्या कारणासाठी उभे राहिले आहेत?

"रुग्णाने तोंड उघडलंय," डॉक्टर म्हणाले आणि पिशवी घेऊन चालू लागले. कुणी अडवलं नाही. त्यांनी कर्नलला खुर्चीत बसवलं, बोटाने जबडा उघडला, कापसाचा लिंबाएवढा बोळा दाढेच्या खड्ड्यात दाबला आणि हनुवटीखालून डोक्यावर पट्टी बांधून घट्ट गाठ मारली. हे सगळं त्यांनी इतक्या सहज केलं की काय झालं हे सभागृहाला पट्टी बांधून झाल्यावरच कळलं.

सभापतींनी घसा साफ केला. सन्माननीय कर्नल यांचं भाषण संपलं असं समजायचं का, त्यांनी विचारलं. कर्नल म्हणाला, "अं. अं अं."

सभापतींनी ते होकारार्थी धरलं. मतं झाली, पूल मंजूर झाला. मग बैलांचं विधेयक आलं. कर्नलला त्यावर बोलता येईना, म्हणून तेही पाच मिनिटांत मंजूर झालं. जन्मात त्याचं एकही विधेयक इतक्या लवकर झालं नव्हतं. दारवानाने काटे सोडले, बारा वाजले, आणि सगळे रात्रीच्या जेवणाला गेले.

ती पट्टी डॉक्टरांनी मुद्दाम बांधली का, हे त्यांना आयुष्यभर लोक विचारत राहिले. रक्त येत होतं, ते म्हणायचे. मेहिटेबलने एकदाच विचारलं. तेव्हा मात्र ते म्हणाले, रक्त येत होतं हे खरं. पण गाठ एक पुरली असती, मी तीन मारल्या.

पुढल्या वर्षी पूल झाला. खांब मात्र चौदाऐवजी सोळा लागले. आणि पूल झाला तशी पलीकडे वस्ती वाढली, आणि वस्ती वाढली तसा एक तरुण डॉक्टर गावात आला. ऑबर्न लायल नाव, फिलाडेल्फियात कॉलेजात शिकलेला. त्याचं पुस्तक शेवटच्या पानापर्यंत शाबूत होतं. तो एरंडेल क्वचितच द्यायचा. मग काय, गरज सरो नि वैद्य मरो. लोकांना आमच्या डॉक्टरांचा जिव्हाळा होता, रविवारी चर्चबाहेर सगळे त्यांना वाकून हात मिळवत, आणि सोमवारी पोट दुखलं की लायलकडे जात. पुन्हा निवडणुकीलाही ते उभे राहिले नाहीत. राहिले असते तरी आता त्यांना गावाबाहेर पाठवायची कुणाला निकड नव्हती.

त्यानंतरच्या एका एप्रिलात तीन दिवस पाऊस लागला. क्रुकेड क्रीक झाडं घेऊन चालली होती. पलीकडे ऑरिन हॅस्केलच्या बायकोचे दिवस भरले होते, हे डॉक्टरांना माहीत होतं, कारण ऑरिनच्या वेळी त्याच्या आईचं बाळंतपणही त्यांनीच केलं होतं. दुपारी ते खिडकीशी बूट घालून, पिशवी मांडीवर घेऊन बसले. बोलावणं येईल म्हणून. पुराच्या दिवसांत ते झोपायचेही तसेच.

रस्त्यावरून गाडी आली. हाकणारा लायल होता, शेजारी भिजलेला ऑरिन. गाडी डॉक्टरांच्या फाटकाशी जरा मंदावली, लायलने टोपी उचलली, आणि गाडी पुढे गेली. ऑरिनने मान खाली घातली होती.

डॉक्टर उठून उभे राहिले होते, ते तसेच राहिले. त्यांना वाईट वाटलं. लपवण्यासारखं काही नव्हतं. त्यांच्या तोंडावर ते स्पष्ट दिसत होतं, आणि मेहिटेबल हातातलं काम ठेवून त्यांच्या शेजारी येऊन उभी राहिली.

मग पुलाच्या फळ्यांवर चाकं वाजायला लागली. खाली पाण्याचा एवढा गडगडाट, पण फळ्यांचा आवाज त्यातूनही येत होता, एकामागून एक. डॉक्टर मान तिरकी करून ऐकत होते, छातीला नळी लावून ऐकायचे तसे. शेवटची फळी वाजली आणि चाकं पलीकडच्या चिखलात गेली.

"पोचला," डॉक्टर म्हणाले. "अर्ध्या घटकेत पोचला."

ते खुर्चीत बसले आणि त्यांनी पाय पुढे केले. मेहिटेबल खाली बसली आणि तिने त्यांचे बूट ओढून काढले.